आपल्याच साच्यावर बदली

इंग्रजीतले 'यस' आणि 'नो' सोडून तिसरा शब्द ज्याला येत नाही, त्यालाच इंग्रजी सिनेमा खरा कळतो, असं माझं ठाम मत आहे आणि ते बदलायचा माझा अजिबात विचार नाही. ह्या मताला कारण आमचे आतोबा. म्हणजे आत्याचे यजमान. लालबागच्या एका गिरणीत ते साचेखात्यात होते. साचा म्हणजे कापड विणायचा माग. असे चार साचे आतोबा एकटे सांभाळायचे. त्या खडखडाटात उभी हयात गेल्यामुळे त्यांना कमी ऐकू यायचं, आणि त्यामुळे इंग्रजी सिनेमात कोण काय बोलतंय हा प्रश्नच त्यांच्यापुढे कधी आला नाही. ते सरळ माणसांच्या तोंडाकडे बघत आणि कोण खोटं बोलतोय ते पहिल्या दहा मिनिटांत सांगून मोकळे होत. मी बी.ए. झालेला, गिरगावात राहणारा, फोर्टातल्या ऑफिसात कारकून. पण खलनायक कोण हे मला मध्यंतरानंतर कळायचं.

त्यातही सगळे इंग्रजी सिनेमे त्यांना चालत नसत. त्यांचा जीव एकाच मालिकेवर होता. एक गोरा हेर आहे, त्याचे सिनेमे वर्षा-दोन वर्षांनी येतात, नट मधूनमधून बदलतात पण हेर तोच राहतो, ती मालिका. ह्या मालिकेतला नवीन सिनेमा लागला की आतोबा गिरणीत खाडा करत. एरवी ताप आला तरी कामावर जाणारा हा माणूस! त्या दिवशी मात्र इस्त्रीचा पांढरा सदरा घालून, डोक्याला चमेलीचं तेल चोपडून, फोर्टातल्या थेटरात सगळ्यात पुढच्या रांगेत जाऊन बसायचे. मी एकदा विचारलं, "आतोबा, दुनियेत एवढे सिनेमे पडलेत, ह्या गोऱ्याचंच एवढं काय?" ते म्हणाले, "त्याला नंबर आहे." मला कळेना. तेव्हा समजावून सांगितलं, "अरे बाबू, ज्याला साहेब नावानं न ओळखता नंबरानं ओळखतो, तो कामगार. कपडे चांगले घालतो म्हणून काय झालं? साहेबानं बोलावलं की जातो, मरायला पाठवलं तर तिथं पण जातो. काम झालं की साहेब मेडल घेतो आणि ह्याला सांगतो, मशीन मोडलंस, भरपाई कोण देणार?" ह्या दृष्टीनं मी तो हेर कधी पाहिलाच नव्हता. तेव्हापासून मला तो दुसऱ्या तऱ्हेनं दिसेना.

सिनेमा पाहून आले की येत्या रविवारी दुपारी चाळीच्या गॅलरीत तो सांगायचा, हा रिवाज. सगळा मजला जमायचा. दोन तासांचा सिनेमा आतोबा तीन तास सांगत. हेराच्या साहेबाला ते म्यानेजर म्हणत, आणि त्याला तऱ्हेतऱ्हेची हत्यारं बनवून देणाऱ्या म्हाताऱ्याला फिटर. समुद्राखालची मारामारी ते चादर पांघरून करत, आणि श्वास इतका वेळ कोंडून धरत की आत्या आतून ओरडायची, "पुरे झाला, आता वर येवा!" सिनेमात बाई आली की मात्र त्यांची पंचाईत व्हायची, कारण श्रोत्यांत आयाबाया असत. मग ते खाकरत आणि म्हणत, "हितं त्या दोघांचं जरा बोलणं झालं." मागून कुणी चावट विचारायचाच, "किती वेळ झालं, काका?" "बराच वेळ," आतोबा गंभीरपणे सांगत आणि पुढच्या मारामारीला लागत. विणकराची नजर कुठेच सुटायची नाही. हेर उंच इमारतीवरून लोंबकळतोय, सगळी गॅलरी श्वास रोखून बसलीय, आणि हे सांगतायत, "सदरा पॉपलीनचा होता, पण किनारीला दोन तारा तुटलेल्या. कुठल्या गिरणीनं पास केला कोण जाणे!"

मग संप झाला. त्याच्याबद्दल मी काय सांगणार, पुष्कळांनी पुष्कळ सांगितलंय. आतोबा पहिल्या दिवसापासून संपात होते. मला म्हणाले, "गणपतीच्या आत मिटतोय बघ." कुठल्या वर्षीच्या गणपतीच्या, ते त्यांनी सांगितलं नव्हतं. सकाळचा भोंगा बंद झाला तरी ते त्याच वेळेला उठायचे, आंघोळ करून कपडे करायचे आणि खोलीच्या उंबऱ्यात बसून राहायचे. कामाला जायचं नाही आणि घरात बसवत नाही, असा माणूस सकाळी सात वाजता काय करतो, ते मी त्यांच्याकडे पाहून शिकलो; तो काहीच करत नाही. समोरच्या खोलीतल्यांनी आधी पंखा विकला, मग तांब्यापितळेची भांडी, आणि एके दिवशी वळकट्या बांधून कायमचे गावाला गेले. अशा एकेक खोल्यांना कुलपं लागत गेली. आत्यानं ऑफिसवाल्यांचे डबे करायला घेतले. भल्या पहाटे उठून ती सुरमई तळायची, आणि घरात मात्र दोघं पेज आणि लोणचं खायची. मला हे माहीत होतं. मी रविवारी जायचो, पेज प्यायचो, आणि परत गिरगावात येऊन घरी काही सांगायचो नाही.

संपाच्या दुसऱ्या वर्षात त्या हेराचा एक सिनेमा येणार असल्याची बातमी आली. ती आणली मास्तरांनी. मास्तर म्हणजे शेजारच्या खोलीतले शाळेतून रिटायर झालेले गृहस्थ. मजल्यावर इंग्रजी पेपर त्यांचाच यायचा. ते म्हणाले, "पण हा सिनेमा खरा नाही हो! खऱ्या कंपनीनं काढलेलाच नाही. दुसऱ्याच कुणाकडे एका जुन्या गोष्टीचा हक्क होता. कोर्टकचेऱ्या झाल्या. आता त्यानं तीच जुनी गोष्ट पुन्हा काढलीय. आणि हेर कोण, तर पहिला नट! काम सोडून गेलेला. म्हातारा झालाय आता. मूळ कंपनी म्हणते, हा आमच्या मोजणीत धरायचा नाही." आतोबांनी सगळं ऐकून घेतलं आणि फक्त एवढंच विचारलं, "पण माणूस तोच ना?"

तिकिटं मी काढली. आतोबा आढेवेढे घेत होते. खाडा करायला नोकरी नाही तर सिनेमाला तरी कसं जायचं, असं काहीतरी त्यांच्या मनात असावं. पण आले. इस्त्री नव्हती, सदरा तोच होता. सिनेमा चालू असताना ते पूर्वीसारखे कुजबुजले नाहीत, किनारी पाहिल्या नाहीत. पडद्यावर तो जुना माणूस धापा टाकत धावत होता, तोंडावर सुरकुत्या, केसांचा काही भरवसा वाटत नव्हता, आणि तरुण पोरं त्याला हसत होती. आतोबा गुडघ्यांवर हात ठेवून बघत राहिले. लालबागचा स्टॉप आला, उतरलो, तेव्हा रस्त्यातच थांबून म्हणाले, "बाबू, तो बदलीवर आला होता रे."

ज्यांना गिरणी ठाऊक नाही त्यांना हे सांगावं लागेल. गिरणीत कायम कामगार वेगळा आणि बदली कामगार वेगळा. बदलीवाल्यानं रोज सकाळी पास घेऊन दारात उभं राहायचं. आत कुणी कायमवाला गैरहजर असला तर त्याच्या जागेवर ह्याला घ्यायचे, नाहीतर परत घरी. कायम व्हायला वर्षानुवर्षं जात. आतोबा स्वतः अकरा वर्षं बदली होते. तेव्हा त्यांच्या हिशेबी सगळा प्रकार स्वच्छ होता: मूळचा कायम माणूस, त्याचं मस्टरवरचं नाव गेलं, आणि आता आपल्याच कामावर तो बदली म्हणून येतोय. रविवारी गॅलरीत त्यांनी हे सांगितलं तेव्हा मोजून पाच माणसं ऐकायला उरली होती. मास्तर म्हणाले, "काही म्हणा, हा मालिकेत धरता येणार नाही." आतोबा आमच्याशी मुंबईचं मराठी बोलत, पण चिडले की मालवणीवर येत. ते उसळले, "मास्तर, अकरा वर्सा बदली होतंय मी! त्या अकरा वर्सांतला कापड काय कापड न्हय?" तेव्हापासून त्या हेराचे एकूण सिनेमे किती हे आतोबांना विचारलं की मास्तरांपेक्षा एक जास्त यायचा, आणि तो एक ते मोठ्यानं म्हणायचे.

एवढ्यावर थांबलं असतं तर ती एका सिनेमावेड्या माणसाची गंमत झाली असती. पण त्याच सुमारास गिरणीनं थोडी माणसं आत घ्यायला सुरुवात केली होती. अट एकच, जुनं कायमपण विसरायचं आणि बदली म्हणून यायचं. आतोबांनी महिनोन् महिने तिकडे पाहिलं नव्हतं. आत जाणाऱ्याला चाळीत गद्दार म्हणत. पण तो सिनेमा पाहिल्यानंतरच्या आठवड्यात एका सकाळी ते उठले आणि गिरणीच्या दारात जाऊन उभे राहिले. टाइमकीपर ओळखीचा. त्यानं मस्टरवर बोट फिरवलं आणि म्हणाला, "साचेखात्यात जा, खिडकीकडचे चार."

"ते चार माझेच," आतोबा म्हणाले. "त्यांच्यावरचा माणूस कुठाय?"

"गैरहजर आहे." टाइमकीपरला हसू आलं. "दोन वर्षं होत आली. तुमचंच नाव आहे हे. अजून कापलेलं नाही."

"आणि तो परत आला तर?"

"तर तुम्ही घरी."

टाइमकीपरनं थट्टा केली होती. आतोबांनी मात्र ती कायद्याचं कलम असल्यासारखी घेतली. रविवारी मी गेलो तेव्हा त्यांनी आम्हाला जे सांगितलं ते ऐकून हसावं की रडावं ते कळेना. ते म्हणाले, संपावर जो आहे तो कायमवाला. तो काही कामावर गेलेला नाही, तो मस्टरवर अजून गैरहजर आहे, संप चालूच आहे. कामावर जातोय तो बदलीवाला. संप जिंकला की कायमवाला परत येणार आणि बदलीवाला मुकाट्यानं घरी जाणार. "कुणाशी बेइमानी झाली, सांग!" आत्या कालथा हातात धरून ऐकत होती. ती म्हणाली, "एक संपार, एक कामार. आणि जेवूक दोघय माझ्याच डोक्यार!"

बरं, हे बोलण्यापुरतं असतं तर ठीक. आतोबा ते पाळू लागले. दिवसभर साचे चालवायचे आणि संध्याकाळी संपाच्या सभेला जायचं. मी एकदा त्यांच्याबरोबर होतो. व्यासपीठावरून घोषणा झाली, "आत गेलेल्यांचा धिक्कार असो!" आणि आतोबा मूठ वर करून एवढ्या जोरात ओरडले की पुढचे दोघे दचकून मागे वळले. मी कानाशी लागून म्हटलं, "आतोबा, अहो, हे तुम्हालाच आहे." ते म्हणाले, "मला कसं? मी संपावर आहे. ज्याला लागायचं त्याला लागेल." पण परत येताना त्यांनी रस्त्याच्या कडेला उगाच चप्पल झाडली, पुन्हा घातली, पुन्हा झाडली. त्याला लागलं होतं. मजल्यावरची माणसं त्यांच्याशी बोलेनाशी झाली होती. पुढे त्या हेराचा मूळ कंपनीचा, खराखुरा सिनेमा आला तेव्हा आतोबा रविवारी चादर घेऊन गॅलरीत बसले आणि ऐकायला मी सोडून कोणी आलं नाही. मास्तरसुद्धा दार लोटून बसले. आतोबांनी तरीही सगळा सिनेमा मला सांगितला, पाण्याखालच्या मारामारीसकट. वर यायला आत्यानं हाक मारली नाही, तेव्हा तेच आपणहून वर आले. त्या दिवशी मला फार वाईट वाटलं, आणि चाळीतल्या एकेकाच्या दारावर लाथ मारावीशी वाटली. पण कुणाच्या? तीही माणसं उपाशीच होती.

खरा घोळ झाला तो आणखी काही वर्षांनी. गिरणीत नवा म्यानेजर आला. आतोबांच्या साच्यावरचं कापड पाहून तो खूश झाला आणि त्यांना बोलावून म्हणाला, तुम्हाला कायम करतो. एका कागदावर सही करायची होती: जुनी नोकरी संपली, संपाबाबत काही म्हणणं उरलं नाही, आता नव्यानं कायम. आत्यानं हे ऐकलं आणि देवापुढे साखर ठेवली. कायम झालं तर उद्या गिरणीचं काही बरंवाईट झालं तरी पदरात काही पडणार होतं. बदलीवाल्याला कोण विचारतो? तिचे हात डब्यांच्या धगीनं भाजून काळे पडले होते, गुडघे गेले होते. तिला एवढंच हवं होतं की पहाटे उठणं थांबावं.

आतोबा म्यानेजरला काय म्हणाले ते त्यांनीच मला सांगितलं, आणि तेही अभिमानानं. "साहेब, त्या जागेवर कायम माणूस आहे. तो हजर व्हायचाय अजून. त्याची जागा मी कशी घेऊ?" म्यानेजर म्हणाला, "अहो, पण तो तुम्हीच ना?" हे म्हणाले, "तुम्हीच त्याला गैरहजर मांडलाय, साहेब. मी नाही." म्यानेजरनं डोक्याला हात लावला आणि कागद खणात टाकला. माणूस चक्रम पण कापड चांगलं विणतो, म्हणून बदलीवर राहू दिलं.

त्या रविवारी आत्या माझ्यापुढे पहिल्यांदा रडली. "तू शिकलेलो, तू सांग रे बाबू ह्येंका. म्हातारपणी माका डबे करूक लावतले हे." मी आतोबांना गॅलरीत घेऊन गेलो. म्हटलं, "सही करा. आत्यासाठी करा."

त्यांनी कठडा धरला. मग म्हणाले, "मी सही केली की संप संपला."

"आतोबा, संप केव्हाच संपलाय."

"कुणी सांगितलं? मागे घेतला कुणी? कुठल्या मैदानात, कुठल्या सभेत? सुरू झाला तेव्हा लाख माणसं हात वर करून होती, मी होतो त्यात. संपला तेव्हा कोण होतं? तू मला माणूस दाखव एक, जो म्हणेल, संप मी संपवला. लगेच सही करतो."

असा माणूस खरंच नव्हता. संप मागे घेतल्याचं कुणी कधी सांगितलंच नव्हतं. माणसं एकेक करून गप्प झाली होती, एवढंच. मी आत येऊन आत्याला सांगितलं, "ते ऐकत नाहीत." ती डब्यांची झाकणं लावत बसली.

पुढं व्हायचं तेच झालं. गिरणी बंद पडली. कायमवाल्यांना काहीबाही मिळालं, भांडून मिळालं, उशिरा मिळालं, पण मिळालं. बदलीवाल्यांना दारावरून नमस्कार. आत्यानं आणखी दहा वर्षं डबे केले. ती त्यांच्याशी ह्या विषयावर पुन्हा भांडली नाही, आणि ते मला बरं लक्षण वाटत नसे. मी मनातून आतोबांवर चिडलेला होतो, हे कबूल करतो. सगळ्या गिरणगावानं जे सोडून दिलं ते हा एकटा माणूस का धरून बसलाय, आणि त्याचं मोल आत्यानं का द्यावं? त्यांच्यावर प्रेम करणं सोपं होतं. त्यांच्या घरात राहणं सोपं नव्हतं. ते मात्र शेवटपर्यंत सातच्या आत उठून, कपडे करून बसत.

न्यूमोनियानं गेले. परळच्या एका इस्पितळात तीन दिवस होते. चौथ्या दिवशी सकाळी मी आणि आत्या खिडकीपाशी मृत्यूचे कागद करायला उभे राहिलो. म्हणजे मी उभा, ती बाकावर, मांडीवर त्यांच्या कपड्यांची पिशवी. खिडकीतला माणूस एकेक विचारत होता, मी सांगत होतो. नाव, वय, पत्ता. मग तो म्हणाला, "व्यवसाय?"

मी म्हटलं, "लिहा, निवृत्त गिरणी कामगार."

"निवृत्त न्हय," आत्या बाकावरून म्हणाली. इतकी स्पष्ट की रांगेतली माणसं वळली. "लिवा, संपार आसत."

तो माणूस पंचविशीतला असेल. त्यानं चष्मा वर केला. "कुठल्या संपावर, आजी?"

आत्या माझ्याकडे बघत होती. त्या बाईनं आयुष्यभर त्या संपाला शिव्या घातल्या होत्या. मी खिडकीत तोंड घालून म्हटलं, "लिहा हो. संपावर आहेत." त्यानं खांदे उडवले आणि लिहिलं. खाली माझी सही घेतली.

"वाच रे बाबू, काय लिवल्यान ता," आत्या म्हणाली. मी कागद तिच्याजवळ नेला आणि वाचून दाखवला. दोन्ही गुडघ्यांवर हात टेकून ती उठली.